वावरासमोर अकरा मिनिटं

३ फेब्रु.
सकाळी ७ ला कॅमेरा लावला. जागा तीच, काकांच्या वावराचा वरचा बांध. टेकाडावरचं ऊन वावरात उतरायला साधारण अकरा मिनिटं लागतात, तेवढाच शॉट. कॅमेरा हलवायचा नाही. आज चव्वेचाळिसावा दिवस. तूर निघाली, वावर उघडं पडलंय. एक होला बसला नि उडाला. बस. मला पुरतं.
दुपारी पुण्याहून मकरंदचा फोन. निर्माता, फिल्मला पैसे त्याचे, घाईही त्याचीच. "अगं, काही घडतच नाही! एकेक शॉट अर्ध्या मिनिटावर आण. बासरी टाकू." बासरी! फोन ठेवला.

७ फेब्रु.
काका बांधावर आले. "रोज काय पाहून राह्यली वं छोरी?" म्हटलं, ऊन कसं उतरतं ते.
"ते तं मी साठ वर्सापासून पाह्यतो. मले नाई लागला कॅमेरा."
घरी येऊन दोघांनी चहा घेतला.

१२ फेब्रु.
डोकं फिरलंय. आज फ्रेममध्ये टिनाचं शेड! पुढे संत्र्याची रोपं, ओळीनं. या दिवसांत कोरड्या वावरात संत्रा कोण लावतं? काकांना गाठलं.
"रस्ता येऊन राह्यला ना इथून. झाडं, शेड असलं तं मोबदला जास्त भेटते."
"कोणी सांगितलं?"
"सांगाले कायले लागते? तूच तं मोजणी करून राह्यली."
तीन पायांचं यंत्र, रोज एकाच जागी, वर वहीत टिपणं. दुसरं काय असणार! शपथ घातली, रस्ता नाही, फिल्म आहे. काका हसले. "सख्ख्या काकालेबी सांगत नाई, म्हंजे पक्कंच हाय." शेजारच्या वावरातही खड्डे सुरू.
पावणेदोन महिन्यांची फ्रेम गेली. रडले.

१३ फेब्रु.
म.ला सांगून चूक केली. तो उडालाच. "हीच फिल्म! काकांची मुलाखत घे, लोक पोट धरून हसतील." हसतील ना, पुण्यात बसून. माझा काका तमाशा नाही. मुलाखत घेणार नाही. शेड काढा असंही म्हणणार नाही. समोर असेल ते बघायचं, हा नियम मीच केला. मग आता कुरकुर कशाला?

१९ फेब्रु.
काका बादलीनं एकेका रोपाला पाणी घालतात. विहीर फ्रेमबाहेर. ते गेले की पाच मिनिटं नुसतं वावर, मग येतात. म. म्हणतो, ती पाच मिनिटं काप. अरे, त्या पाच मिनिटांत माणूस पाणी शेंदतोय. तुला दिसत नाही म्हणून काय झालं?
आज परत सांगितलं, काका, खरंच कोणी मोजायला येणार नाही.
त्यांनी बादली खाली ठेवली. पटलं असावं. मग म्हणाले, "आता लावली ना. लावल्यावर पाणी तं द्याच लागते."

२४ फेब्रु.
म.चा निरोप. उद्यापर्यंत लहान करून दे, नाहीतर मी यातून बाहेर. तो बाहेर म्हणजे एडिटिंग, आवाज, सगळं बंद. कॅमेराही त्यानंच भाड्यानं घेतलेला.
सात शॉट पाठवले, एक सेकंदही न कापता. काकांचा पाण्याचा शेवटी. खाली लिहिलं, कापायचं असेल तर आधी माझं नाव काढ.
पाठवल्यावर फोन परत हातात घेतला. तरी मेसेज डिलीट केला नाही.
दोन निळ्या टिक दिसल्या. उत्तर नाही. नाही आलं तर नाही.