तिसरा क्रूस

सान्ता रोसा, पाराग्वे
४ मे २००९

प्रिय लिनोदादा,

ब्वेनोस आइरेसला थंडी पडायला लागली असेल, अंगावर काहीतरी घालत जा. इकडे आम्ही बऱ्या आहोत. आईचे गुडघे कुरकुरतात, पण तोंड शाबूत आहे. माझ्या चित्रपटाच्या कॅमेरामनला तिनं दोन वर्षं राबवून घेतलं, विहिरीवरून पाणीसुद्धा आणायला लावलं.

फोनवर बाबांचं नाव निघालं की तू ठेवून देतोस, म्हणून पत्र. माझा चित्रपट काल, क्रुसाच्या सणालाच, चर्चच्या हॉलमध्ये दाखवला. हुकूमशाहीत गावातून नेलेल्या माणसांवर आहे तो. आईला मी कितीदा म्हटलं, तूही बोल. तिचं एकच, "माझ्याकडे काय आहे? तुमचा बाप बाई घेऊन सीमेपार पोसादासला पळाला. त्याला जाऊन विचार."

गेल्या वर्षी क्रुसाच्या सणाला आम्ही अंगणात नुसतं सणाचं चित्रण करत होतो. आजोबा-आजीचे क्रूस मांडले होते, त्यांवर चिपा-पावाच्या कड्या नि शेंगदाण्यांच्या माळा. आई घरातून तिसरा क्रूस घेऊन आली. नवा, सुताराकडून गुपचूप करून घेतलेला. त्यावर बाबांचं नाव.

जिवंत माणसाचा क्रूस कोणी मांडत नाही, दादा. कॅमेरामन पुटपुटला, "बंद करू का?" मी मान हलवली, नको.

आई चिपा बांधता बांधताच बोलली. "तो कुठं पळाला नाही. शेतकरी संघटनेत होता म्हणून शिपायांनी कपाशीतून उचलून नेला. आठवड्यानं त्याचा सदरा तेवढा परत आला. मग ती पोसादासची बाई मीच जन्माला घातली. नाहीतर कम्युनिस्टाचं पोर म्हणून माझ्या लिनोला शाळेतून हाकललं असतं."

हे तुला कसं सांगायचं, याच विचारात वर्ष गेलं. आधी वाटलं आईवर चिडावं. पण हॉलमध्ये ती पहिल्या रांगेत राणीसारखी बसली होती, आणि माझा ऊर अभिमानानं भरून आला. दिवे लागल्यावर शेजारची सिक्स्ताबाई उठली, रडत म्हणाली, "एउलोहिया, इतकी वर्षं आम्ही त्या देवमाणसाला शिव्या घातल्या की गं!"

आई म्हणाली, "घातल्यात म्हणूनच माझी पोरं जगली. आता पुरे."

मग सगळं गाव आमच्या अंगणात आलं. क्रूस चिपांनी इतका भरला की नाव दिसेना, तेव्हा आईनं सगळ्यांना दटावून नावापुरती जागा मोकळी करून घेतली.

ती म्हणते, लिनोला माझ्यावर रागवायचा हक्क आहे, पण इथे येऊन, बापासमोर रागव म्हणावं. ये दादा. तू ज्याचा राग राग केलास तो माणूस कधी नव्हताच. जो होता, तो आपल्याला सोडून गेला नव्हता.

तुझी धाकटी बहीण, आणि हे आयुष्यात पहिल्यांदाच ताठ मानेनं लिहितेय,
बाबांची मुलगी,
सेलसा