किलकॉरनचं मैदान कोणाला

मी, डेलिया कॉमर्फर्ड, वय वर्षे एक्क्याऐंशी, अविवाहित, धंदा हर्ली, म्हणजे हर्लिंग खेळाच्या काठ्या, बनवण्याचा, राहणार किलकॉरन, जिल्हा गॉलवे, आज आपल्या स्वयंपाकघरात बसून हे लिहून ठेवते. डोकं ठिकाणावर आहे. डॉक्टरांचं तसं म्हणणं आहे, आणि ज्यांना शंका असेल त्यांनी येऊन माझ्याशी भांडून पाहावं. माझ्यावर कोणाचं दडपण नाही. दडपण आणायचा प्रयत्न अख्ख्या गावाने केला, ती गोष्ट वेगळी. यापूर्वी मी केलेली सर्व मृत्युपत्रं रद्द समजावीत. ती बरीच आहेत. दर हिवाळ्यात माझं मन बदलतं.

वकीलबाई मिस शीही समोर बसून चहा पीत आहेत. "मोजकं लिहा, मिस कॉमर्फर्ड," असं त्यांनी आत्ताच दुसऱ्यांदा सांगितलं. बघू.

कलम १. माझं राहतं घर, सामानासह, माझी भाची नेसा हिला द्यावं. नेसा ही माझा धाकटा भाऊ फिंटन याची मुलगी. जन्मली इंग्लंडात, कॉव्हेंट्रीला. सुट्टीला म्हणून इथे आली ती राहिलीच. मागच्या खोलीत छत गळतं, हे मला माहीत आहे. तिने ते रोज सांगू नये.

कलम २. बँकेत जे असेल त्यातून आधी माझी मयत उरकावी, उरेल ते नेसाला. शवपेटीवर गावच्या हर्लिंग क्लबची जर्सी घालावी आणि रीतीप्रमाणे गाडी मैदानाच्या फाटकाशी थांबवावी. पण फार वेळ नको. मला जिवंतपणीही एका जागी उभं राहवलं नाही. "किती गोड बाई होती" असं जो म्हणेल, त्याला सँडविच देऊ नये.

कलम ३. कारखान्यातली हत्यारं, म्हणजे वडिलांची करवत, दोन मुठींचा रंधा, पटाश्या आणि शेगडीजवळ वाळत ठेवलेल्या फळ्या, हेसुद्धा नेसाला. हर्ली कापायची ती अ‍ॅश झाडाच्या अगदी बुडातून, जिथे मूळ वळून जमिनीत शिरतं तिथून. म्हणजे काठीच्या टोकाला लाकडाची रेघ आपोआप वळते आणि फटक्याला फुटत नाही. आता रोगाने झाडंच मरायला लागली आहेत. पुढच्या पिढीने बांबूच्या हर्ली घेऊन खेळावं. मला दाखवू नये म्हणजे झालं.

इथे मी उठले, किटली ठेवली, परत बसले. खरं लिहायचंय ते मैदानाचं. ते लिहायचं म्हटलं की पायात मुंग्या येतात.

कलम ४. जुने हिशेब. हे कलम कायद्यात बसत नाही असं मिस शीही म्हणतात. त्यांनी ते वाचू नये.

किलकॉरनचा क्लब लोहाराच्या भट्टीशी सुरू झाला, माझ्या आजोबांच्या तरुणपणी. पहिल्या जर्सी पिठाच्या पोत्यांच्या होत्या. हिरवा रंग चढवायचा होता, पण कढईत काय चुकलं देव जाणे, सगळ्या शेणाच्या रंगाच्या निघाल्या. तोच रंग आम्ही आजवर अभिमानाने मिरवतो. मग माझ्या वडिलांनी घरामागच्या कुरणातून मेंढ्या काढल्या आणि पोरांना म्हणाले, "खेळा रे." झालं, मैदान मिळालं. कागद नाही, सही नाही. पुढे अर्धं गाव बोटीने इंग्लंडात गेलं, एका वर्षी तर पंधरातले चार खेळाडू चर्चमध्ये प्रार्थनेनंतर उभं राहून लोकांकडे मागून घ्यावे लागले. तरी क्लब बंद पडला नाही.

आणि एकाहत्तर साली आम्ही जिल्ह्याची फायनल जिंकलो. तीही ओढ्यापलीकडच्या टेंपलवेनशी! गोलात फिंटन होता. त्या दिवशी त्याच्या मागे माशीसुद्धा गेली नसेल.

आमच्याकडे माणूस ज्या पॅरिशमध्ये, म्हणजे ज्या चर्चच्या हद्दीत, राहतो त्याच पॅरिशकडून खेळतो. दोन पॅरिशची हद्द म्हणजे तो ओढा. फिंटनचं नुकतंच लग्न झालं होतं आणि घराचं छत उतरवलेलं, म्हणून पोरगा त्या उन्हाळ्यात सासुरवाडीला झोपायचा, पुलापलीकडे. टेंपलवेनने हरकत घेतली: जो टेंपलवेनमध्ये झोपतो तो किलकॉरनचा कसा? कप गेला. आम्ही उलट अर्ज केला. तो लिहिला आमच्या सेक्रेटरीने, मास्तर डन्फीने, असा सुरेख की वाचून दगडाला पाझर फुटावा. पण त्या काळी नियम असा की अर्जाचा कागद आयर्लंडात बनलेलाच हवा. मास्तरने वापरला त्याच्या बहिणीने लिव्हरपूलहून पाठवलेला गुळगुळीत कागद! कमिटीने तो दिव्यापुढे धरला, आतली इंग्रजी खूण पाहिली आणि न वाचताच फेटाळला. मास्तर डन्फीला मी माफ केलेलं नाही. तो वारला, तरी नाही.

फिंटन त्या हिवाळ्यात बोटीत बसला. पुन्हा हर्ली हातात धरली नाही, पुन्हा आला नाही, तिकडेच वारला. मला अजून त्याची आठवण येते. रोज येते.

कलम ५. मैदान. घरामागचं मैदान, पूर्वेस ओढा, पश्चिमेस चर्चचा रस्ता, दक्षिणेस माझं घर, उत्तरेस डोलनची कुंपणभिंत, हे आजही माझ्या नावावर आहे. ते किलकॉरन क्लबला द्यावं आणि फक्त किलकॉरन क्लबला. क्लब टेंपलवेनमध्ये मिसळला, तर तिथे पुन्हा मेंढ्या सोडाव्यात.

एवढं लिहिलं आणि बरं वाटायला हवं होतं. वाटलं नाही. येत्या गुरुवारी दोन्ही क्लब एक करायची सभा आहे. टेंपलवेनने आपलं मैदान तेजीच्या काळात बिल्डरला विकलं. त्यांच्याकडे पोरं आहेत, मैदान नाही. आमच्याकडे मैदान आहे, पोरं नाहीत. आणि मैदानाचा कागद दाखवल्याशिवाय जिल्हा नव्या क्लबची नोंद करत नाही. सगळे माझ्या तोंडाकडे बघतायत.

तेवढ्यात नेसा आली, चिखलाच्या बुटांनी, मुलींचा सराव अर्ध्यावर टाकून. माझ्या खांद्यावरून वाचलं.

"आत्या, मेंढ्या?"

"मेंढ्या."

"मला पंधरा पोरी लागतात. आपल्या सहा आहेत. बाकीच्या पुलापलीकडून येतात. मेंढ्यांना गोलात उभं करू का?"

"तुझ्या बापाला त्यांनी..."

"माझ्या बापाचं मला नको सांगूस. मी त्याच्या घरात वाढले. दर रविवारी रेडिओला कान लावून बसायचा, किलकॉरनचा स्कोअर सांगतील म्हणून. टेंपलवेनचाही ऐकायचा."

"काहीतरीच बोलू नकोस."

"खरंच. शिव्या द्यायचा, पण ऐकायचा." मग तिने पेनच काढून घेतलं माझ्या हातातून. "आणि तू अगदी नव्या क्लबच्या नावाने लिहिलंस, तरी काय उपयोग? सभा गुरुवारी आहे. तू मरायची वाट बघत बसायचं का आम्ही?"

मिस शीहींना चहाचा ठसका लागला. मला राग आला, फार आला.

नेसा मैदानावर गेली. आता साक्षीदारांचा प्रश्न. ज्याला काही मिळणार तो साक्षीला चालत नाही, आणि किलकॉरनमध्ये क्लबचा सभासद नाही असं माणूस शोधून सापडायचं नाही. कुत्र्यांचीसुद्धा वर्गणी भरलेली असेल. म्हणून मिस शीहींनी फाटकाशी नातीला न्यायला आलेल्या माणसाला आत बोलावलं. तो निघाला जार्लथ क्वर्क. टेंपलवेनचा. एकाहत्तरच्या फायनलला फिंटनच्या समोर गोल मारायला उभा होता तोच.

आल्या आल्या म्हणाला, "कागद कुठला आहे, डेलिया? दिव्यापुढे धरून बघितलास ना?"

किटली जवळ असती तर फेकलीच असती. "बस गपचूप," मी म्हटलं. त्याने टोपी काढली, बसला, आणि विचारल्याशिवाय कलम चार वाचून काढलं.

"सगळं बरोबर लिहिलंयस," तो म्हणाला. "एक राहिलं. मी त्याच्याविरुद्ध शाळेपासून खेळलो. एकही गोल मारला नाही कधी. कप घरी नेला तर आमच्या आईने तो कपाटामागे ठेवला. म्हणाली, हा मला इथे दिसायला नको. आमच्याकडे हे कोणी बोलत नाही. तू लिही. मी खाली सही करतो."

"साक्षीदाराने मजकुराबद्दल बोलायचं नसतं," मिस शीही म्हणाल्या. "त्याने फक्त सही होताना बघायची."

"मग मला बोलावलंत कशाला?"

मी उठले आणि मागच्या दारात जाऊन उभी राहिले. नेसा ओरडत होती, मुली धावत होत्या. माझी नजर वाईट नाही, पण कोणती मुलगी ओढ्याच्या कुठल्या बाजूची, हे मला काही केल्या सांगता येईना. मला रडू आलं. वडिलांनी "खेळा रे" म्हटलं तेव्हा ते जिवंत होते, हट्टेकट्टे होते, आणि मी इथे मेल्यानंतरच्या अटी घालत बसले आहे!

कलम ५ खोडलं आहे. खोडणं माझं आहे, बाजूला सही केली आहे.

मैदान या मृत्युपत्रात नाही, कारण मी मरेन तेव्हा ते माझं नसेल. बक्षीसपत्र मिस शीही बुधवारी तयार करून आणतील ("मंगळवारी," मी म्हटलं; त्या म्हणाल्या, बुधवारी) आणि गुरुवारी मी ते स्वतः सभेत नेऊन दोन्ही गावांच्या हातात देईन. क्लबचं नाव काय ठेवायचं त्यावर त्यांनी खुशाल डोकी फोडावीत. माझी अट एकच: जो कोणी हर्ली घेऊन फाटकाशी येईल, त्याला काल रात्री कुठे झोपला होतास, हे विचारायचं नाही.

आता साक्षीला किलकॉरनचा माणूसही चालेल, असं मिस शीही म्हणाल्या. राहू दे. हा आलाच आहे.

वरील सर्व मी वाचलं, मला मान्य आहे, आणि दोघांच्या देखत सही करते.

(सही) डेलिया कॉमर्फर्ड
स्थळ: किलकॉरन
दिनांक: ९ ऑक्टोबर २०२३

साक्षीदार पहिली: (सही) ऑर्ला शीही, वकील. सही माझ्यासमोर झाली.

साक्षीदार दुसरा: (सही) जार्लथ क्वर्क, निवृत्त दूधवाला, टेंपलवेन. सही माझ्यासमोर झाली. फिंटन कॉमर्फर्डला मी एकही गोल मारू शकलो नाही.

(शेवटचं वाक्य खोडावं, अशी सूचना साक्षीदारास देण्यात आली. साक्षीदाराने नकार दिला. ऑ. शी.)