विष्णूच्या चार मिनिटांची व्यवस्था

मी, ॲडेलिन जेरार्ड तुस्कानो, वय ६३, मूळची वसईची, सध्या राहणार अल मनखूल, दुबई, हे मृत्युपत्र कोणाच्या दडपणाखाली नव्हे, तर पूर्ण शुद्धीत आणि शरमेने लिहून ठेवत आहे. आधीची मृत्युपत्रे रद्द समजावीत.

१. वसईचे घर व बँकेतील ठेवी माझी मुलगी शेनॉन हिला. बांगड्याही तिलाच. ती घालणार नाही, पण मोडू नयेत.

२. कॅमेऱ्याची तिपाई भाऊ नेल्सन याने "दोन दिवसांसाठी" नेली, त्याला अकरा वर्षे झाली. ती आता त्याचीच. माझ्या दफनाला त्याने भाषण करू नये.

३. इटालियन नववास्तववादी सिनेमावरची पुस्तके आमच्या फिल्म क्लबला. तिथे मी शिकवत आले: सेट नको, खरी गल्ली घ्या. दिवे नकोत, ऊन पुरते. नटाऐवजी ते काम रोज करणारा माणूस घ्या. आणि शॉट घाईने तोडू नका. हे शेवटचे मी नको तिथे पाळले.

४. माझ्या एकुलत्या एक फिल्ममध्ये इथल्या, दुबईच्या मीना बाजारात इस्त्री करणारा विष्णू परब होता, त्याच्याच दुकानात, त्याच्याच कपड्यांत. शूटिंगपुरता त्याचा फोन माझ्या पर्समध्ये होता. त्याच्या भावाचे सात कॉल आले, मग मेसेज: आई सिरियस आहे, तुझ्याशी बोलायचं म्हणते. मी तो वाचला. भिंतीवरचे ऊन वीस मिनिटांत जाणार होते. "यल्ला, चल विष्णू, एकच टेक, मग खलास," मी म्हटले, आणि तीन घेतले. फोन दिला तेव्हा कॅमेरा चालूच ठेवला. आई गेली होती. ऐकून तो टेबल धरून उभा राहिला, मग हातातल्या शर्टाची घडी पुरी केली. चार मिनिटे, फिल्ममध्ये तशीच ठेवलेली. फोन सायलेंटवर होता, कळलेच नाही, असे मी त्याला सांगितले. गावी जायचे तिकीट काढून दिले म्हणून त्याने माझे आभार मानले. पुढे महोत्सवात लोक त्याच्या अभिनयाचे कौतुक करू लागले, तेव्हा मी मान डोलावून बक्षीस घेतले.

५. फिल्मची मूळ प्रत आणि सर्व हक्क विष्णूला. ठेवायची की नष्ट करायची, ते तो ठरवील. शेनॉन म्हणते, "मम्मा, इट्स युअर बेस्ट वर्क." म्हणूनच हे लिहून ठेवावे लागते.

६. कलम चार शेनॉनने त्याला समोर बसून वाचून दाखवावे. मी स्वतः सांगायला चार वेळा गेले. दर वेळी त्याने चहा मागवला आणि मी कपडे इस्त्रीला देऊन परत आले. वाचन चालू असताना त्याच्या चेहऱ्याकडे कोणीही मोबाईल धरू नये.

सही: ॲडेलिन तुस्कानो
साक्षीदार: सिद्धांत कर्णिक, अलिना डाबरे
दुबई, ९ नोव्हेंबर २०२५