राखेखालचं कौल

३ फेब्रुवारी
आले एकदाची. हिनेस वारला, बंदरावरची खोली सुटली, म्हणून आता नणंदेकडे, ओतिल्याकडे. पण रान काय देखणं आहे. डोंगर तांबडे, जमीन ज्वालामुखीच्या राखेने काजळासारखी काळी, खड्ड्याखड्ड्यात एकेक द्राक्षाचा वेल आणि वाऱ्याच्या अंगाला आडोसा म्हणून दगडांची चंद्रकोर. ओतिल्या म्हणाली, बंदरावरची बाई चार दिवसांत पळेल. मी म्हटलं, तुझं तोंड सोसलं तर ज्वालामुखीचं काय घेऊन बसलीस. हसली. म्हणजे दात दाखवले.

६ फेब्रुवारी
नव्या वेलासाठी खड्डा खणला. जुनी माती लागेस्तोवर राख उपसायची, मुळं मातीत टेकली पाहिजेत. मला माती नाही, कौल लागलं. राखेखाली गडप झालेल्या गावातलं कुणाचं तरी घर. ओतिल्याने बजावलं होतं, कौल लागलं तर खड्डा बुजवायचा. पण माझी पाठ मोडली होती. कौल काढलं, पोकळीत दोन टोपल्या माती लोटली, वेल लावला. तिला सांगितलं, माती लागली. शाबास वहिनी, म्हणाली. मला हसू आवरेना.

१५ फेब्रुवारी
बाकीचे वेल नुसत्या काटक्या, माझा हातभर वाढलाय. ओतिल्या मिरवते. रोज सकाळी खड्ड्याच्या काठावर ताजी राख दिसते, आतून उपसलेली. तिला वाटतं मीच उपसते. मीही मान डोलावते.

१८ फेब्रुवारी
भर दुपारी खड्ड्यातून मका भाजल्याचा वास. आमची चूल थंड.

२० फेब्रुवारी
कौलाचं सांगून टाकलं. ओतिल्याने शिवीसुद्धा दिली नाही. म्हणाली, खालच्यांना वाटलं असेल, आपण दार उघडलं. उद्या वेल मुळासकट काढणार. चूक माझी, मी उतरते म्हटलं. म्हणाली, तू जाड, अडकशील.

२१, सकाळ
कमरेला दोरी बांधून उतरली. वेल उपटला आणि राख सरकली — छातीपर्यंत — मग डोकंही. ओढते, येत नाही. हाकेच्या अंतरावर कुणी नाही.

दुपार
दोरी हलतेय. जिवंत आहे. खालून म्हणते, वहिनी, मका झाला, जेवायला ये. गोड बोलते. ओतिल्या कधी गोड — तिच्यामागे पुष्कळ माणसं हसतात.

जाते. कौल मी काढलं. कुणाला ही वही मिळाली तर खड्डा बुजवा. आम्ही आतून हाका मारल्या तरी.

काठावर बसलेय, पाय आत. घोट्याला हात लागला. ओतिल्याचा, खरबरीत, ओळखला. दुसऱ्या घोट्यालाही. आता गुडघ्याला, हा तिसरा —