पुढच्या पिढीचं यंत्र

बाबा, तुमच्या पणतूला ऐकू येत नाही. जन्मापासूनच नाही. आता तो दीड वर्षाचा आहे, पळतो, पडतो, खदखदून हसतो, आणि मागून कितीही मोठ्याने हाक मारली तरी वळून बघत नाही. ऑपरेशन करून त्याच्या कानात एक यंत्र बसवता येतं, त्याने ऐकू येऊ लागतं. ते बसवायचं की नाही, यावरून गेला महिनाभर घरात कुणी कुणाशी धड बोललेलं नाही. उद्या सकाळी हॉस्पिटलला हो किंवा नाही कळवायचं आहे. नाही म्हटलं तर आपली तारीख दुसऱ्या मुलाला जाईल, आणि डॉक्टर म्हणतात की जितका उशीर होईल तितकं त्याला बोलणं शिकायला जड जाईल. शेवटचा शब्द माझ्यावर टाकला होता. तुम्ही असतात तर चहा गार व्हायच्या आत हो म्हणाला असतात आणि पेपर उघडून बसला असतात. दुपारपासून मला नेमका याचाच राग येतो आहे.

दसऱ्याला तुम्ही काय करायचात ते सुनेला सांगितलं तर तिला खरं वाटत नाही. कॉलनीतले बाकीचे लोक पाटावर पोथ्या ठेवायचे, पाने-हातोड्या ठेवायचे. तुम्ही त्या वर्षी घरात आलेलं सगळ्यात नवं यंत्र ठेवायचात. कुकर, इस्त्री, एका वर्षी तर स्कूटरच पायऱ्यांवरून वर चढवून दिवाणखान्यात आणली होतीत. मिक्सर आला त्या दसऱ्याला मी पाटाशेजारी बसले आहे, तुम्ही त्याला झेंडूची माळ घालताय, आणि आई स्वयंपाकघराच्या दारातून म्हणते की पाट्या-वरवंट्यालाही दोन बोटं हळदकुंकू लावा, इतकी वर्षं राबलाय तो. तुम्ही मान वर न करता म्हणालात, त्याचं काम झालं, आता त्याला सुट्टी. नंतर तिने आत जाऊन स्वतःच कुंकू लावलं ते मी पाहिलं, पण तुम्हाला सांगितलं नाही. तेव्हा मी पूर्ण तुमच्या बाजूची होते. पुण्याहून इथल्या कारखान्यात बदली होऊन आलेला, टर्बाइनची चाचणी घेणारा माझा बाप चुकीचं बोलूच शकत नव्हता.

मग मी एम.ए.ला गेले आणि तुमच्या मते बिघडले. पाश्चात्त्य विचार शिकताना मला पहिल्यांदा कळलं की प्रगती ही हवेसारखी आपोआप असलेली गोष्ट नाही, ती कुणीतरी केलेली कल्पना आहे. अठराव्या शतकातल्या युरोपातल्या काही हुशार माणसांनी इतिहास जिन्यासारखा मांडला. खाली अडाणीपणा, वर ज्ञान, आणि माणूस एकेक पायरी चढतोय. त्याच काळात दुसरं कुणी उठून म्हणालं की विद्या वाढली तसा माणूस आतून किडत गेला. आणखी कुणी विचारलं की मागच्या पिढ्यांनी नुसतं खपायचं आणि वरच्या मजल्यावर राहायचं पुढच्यांनी, हा कुठला न्याय? मला हे टीकाकार फार आवडले. विशीतल्या मुलीला ते आवडतातच. घरी आले की मी तुमच्या कुकरवर, स्कूटरवर, तुमच्या पंचवार्षिक योजनांवर तुटून पडायची, आणि तुम्ही आमटी भुरकत ऐकून घ्यायचात.

एकदाच नाही ऐकून घेतलंत. डिसेंबरात कीटकनाशकांच्या कारखान्यातल्या टाकीतून विषारी गॅस सुटून शहरात हजारो माणसं मेली, त्यानंतरचा आठवडा होता. तुम्ही तुमच्या कारखान्यातल्या लोकांबरोबर रोज जुन्या शहरात जात होतात, इस्पितळांत पाणी, कांबळी, औषधं पोचवत होतात. त्या दिवशी तुम्ही दुपारी घरी आलात, डोळे लाल, पायांत बूट तसेच, आणि आईने ताट वाढलं. मी समोर उभी राहून म्हणाले, "ही बघा तुमची प्रगती." तुम्ही माझ्याकडे पाहिलंत आणि आवाज न चढवता म्हणालात, "हा हलगर्जीपणा आहे. ज्यांनी टाकी सांभाळली नाही त्यांना धर. आणि तुझे ते टीकाकार स्वतः आजारी पडले की कुठे जायचे, ते एकदा वाचून ये." मग तुम्ही जेवायला बसलात. मी जेवले नाही. त्या बोलण्याचा मला इतका अपमान वाटला की पुढे तीस वर्षं मी तुम्हाला उत्तर देण्यासाठीच शिकवत राहिले, असं कधी कधी वाटतं. तुम्ही गेलात तरी ते थांबलं नाही.

त्याच टर्बाइनच्या आवाजाने तुमचे कान गेले. निवृत्तीच्या आधीच तुम्ही रेडिओच्या पार जवळ जाऊन बसू लागला होतात. मग ते यंत्र आणलंत, शर्टाच्या खिशात डबी आणि वर कानापर्यंत वायर. ते मध्येच शिट्टी मारायचं, भांडं पडलं की तुम्ही दचकून कान धरायचात, आणि माणसाचा शब्द मात्र त्यातून नीट येत नसे. महिन्याभरात ते टेबलाच्या खणात गेलं. मी टोमणा मारायची संधी सोडणार होते थोडीच? पण तुम्ही चिडला नाहीत. म्हणालात, अजून त्यांना जमलेलं नाही, होईल, पुढच्या पिढीला मिळेल. जिन्याच्या खालच्या पायरीवर उभं राहून एखादा माणूस इतक्या समाधानाने असं म्हणू शकतो, याचा मला तेव्हा संताप आला होता. आज ते यंत्र खरंच झालंय, बाबा. चांगलं झालंय.

आता सून. ती ग्वाल्हेरच्या मराठी कुटुंबातली, जन्मापासून बहिरी, एका छापखान्यासाठी घरून डिझाइनचं काम करते. माझ्या मुलाने तिच्यासाठी हातांची भाषा शिकून घेतली आणि दोघं त्या भाषेत इतकं भराभर भांडतात की बघणाऱ्याला दम लागतो. चार वर्षांपूर्वी लग्न झालं तेव्हा मी कॉलेजात सगळ्यांना अभिमानाने सांगितलं होतं. मी तिच्याशी फोनवर टाइप करून बोलते, ती वाचते आणि खाली तिचं उत्तर लिहिते. बाळाच्या कानांची तपासणी झाली त्या दिवशी शाहपुऱ्याच्या दवाखान्याबाहेर मुलगा गाडीत रडला. सून रडली नाही. तिने बाळाला मांडीवर उभं केलं, त्याच्याशी हातांनी काहीतरी बोलली, आणि हसली. मी मुलाला विचारलं, काय म्हणाली? तो म्हणाला, तू माझ्यासारखा आहेस, असं. ते हसणं माझ्या मनातून अजून जात नाही. मला त्या क्षणी ती आवडली नाही, हे इथे लिहायला हरकत नाही.

ती ऑपरेशनला तयार नाही. तिचं म्हणणं असं की तो आजारी नाहीच, मग दुरुस्त काय करताय? मुलगा आधी समजावत होता, मग ओरडायला लागला, जिला ऐकूच येत नाही तिच्यावर. परवा माझ्याकडे आला आणि म्हणाला, "आई, टाइम नाहीये यार. तू बोल ना तिच्याशी. तुझं ती मानेल." मी गेले. तिच्या समोर बसून मी फोनवर लांबलचक लिहिलं, आणि सवयीप्रमाणे दोन्ही बाजू लिहिल्या. यंत्राने काय मिळेल, काय जाईल, प्रगती कुणी ठरवायची, त्या मुलाचा हक्क कोणता, सगळं. वर्गात माझं हे फार वाखाणलं जातं. तिने शांतपणे वाचलं आणि मग तिच्या शाळेबद्दल लिहिलं.

शाळेत बाई त्यांना हात मांड्यांखाली दाबून बसायला लावायच्या. हात हलले की पट्टी. बोला, ओठ बघा, बोला. घरीही तिची आई पोळी हातात धरून ठेवायची आणि ती 'पोळी' म्हणेपर्यंत द्यायची नाही. आई दुष्ट नव्हती, तिला तसं सांगितलं गेलं होतं. 'मी भुकेली असायची आणि तोंडाने आवाज काढायची. तो बरोबर आला की चूक, ते मला कधीच कळलं नाही. आईच्या तोंडाकडे बघून समजायचं.' एवढं लिहून तिने फोन माझ्याकडे सरकवला. मला हे माहीत होतं, बाबा. दर वर्षी एक तास मी ते शिकवते. एकोणिसाव्या शतकात त्याच जिन्याच्या कल्पनेने बोलणं वर ठेवलं आणि हातवारे खाली, रानटी माणसांच्या आणि माकडांच्या शेजारी, आणि युरोपातल्या शाळांतून मुलांचे हात बंद केले गेले. मुलं ते लिहून घेतात. ते हात माझ्याच स्वयंपाकघरात रोज पोळ्या लाटतात, हे माझ्या कधी ध्यानात आलं नव्हतं.

मग तिने पुन्हा फोन घेतला. 'तुम्ही दोन्ही बाजू सांगता. ते क्लासमध्ये ठीक आहे. मला एकच सांगा, करू की नको. तुम्ही सांगाल ते मी करीन. पण मग का, तेही सांगा. खरं सांगा.' असं लिहून ती उठून गेली. म्हणजे तिने मला मान दिला की कोंडीत पकडलं, ते अजून मला ठरवता आलेलं नाही.

दोन दिवस मी कारणं गोळा करत होते. होशंगाबाद रोडवर मागून ट्रकचा हॉर्न वाजला तर काय, शाळेत काय, नोकरीत काय. सगळी खरी कारणं आहेत. पण त्याच रोडवरून सून रोज स्कूटर चालवते, दोन्ही आरशांत बघत, आणि माझ्यापेक्षा चांगली चालवते. एकेक कारण तिच्यासमोर धरलं की त्याचा अर्थ एवढाच उरतो की तू कमी आहेस आणि त्याने तुझ्यासारखं होऊ नये. शिवाय मी इतकी वर्षं ज्यांची वकिली केली ते सगळे टीकाकार तिच्याच बाजूने उभे आहेत. मी मात्र तुमच्या बाजूला येऊन उभी आहे. मला ते यंत्र हवं आहे. असं हवं आहे की झोपेतून जाग येते. तुम्हाला हे कळलं असतं तर तुम्ही हसला नसतात, तेच जास्त लागलं असतं.

आज दुपारी ती मटार सोलत होती, बाळ तिच्या पायाशी सालपटं उधळत होतं. मी फोनवर लिहिलं, 'करूया.' तिने वाचलं आणि भुवया उंचावल्या. का? मी हॉर्नचं लिहिलं आणि पुसलं. शाळेचं लिहिलं, तेही पुसलं. शेवटी लिहिलं, 'कारण त्याने मला आजी म्हणून हाक मारावी असं मला वाटतं. माझा आवाज त्याला ओळखू यावा असं वाटतं. दुसरं खरं कारण माझ्यापाशी नाही.'

तिने ते दोनदा वाचलं. मला वाटलं ती फोन भिरकावून देईल. तिने हात पदराला पुसले आणि लिहिलं, 'माझ्या आईलाही हेच पाहिजे होतं. ती बोलली नाही कधी. तुम्ही बोललात. ठीक आहे. उद्या जाऊ.' माझ्या छातीवरचं ओझं उतरतंय न उतरतंय तोच तिने आणखी लिहिलं. 'पण मशीनचा बाहेरचा भाग रात्री काढून ठेवतात. अंघोळ करतानाही. तो स्वप्न पडून घाबरून उठेल आणि मी घरी नसेन, तेव्हा तुम्ही त्याला काय सांगाल?'

मी फोन घेतला आणि परत ठेवला. ती माझ्या हातांकडे बघत होती. मग ती पुन्हा मटार सोलायला लागली, आणि मी या खोलीत येऊन तुम्हाला लिहायला बसले. हे कुठे पाठवायचं नाही. तुमच्याशी बोलणं मला सोपं जातं, भांडायचं असलं तरी. तिला उत्तर दिलेलं नाही. ते द्यायला शब्द लागतात, आणि चार वर्षांत तिच्या हातांच्या भाषेतले मला चारच आले आहेत, बाबा: पाणी, जेव, झोप आणि नको.