लखमाचा रिकामा वेळ

३ मार्च ९१, रवि.
सकाळी सातपासून सुरंगीच्या जंगलात. कारखान्यातले चौदा जण, आठवड्याच्या एकुलत्या एका सुटीवर पाणी सोडून आलेले. आग पुढे सरकू नये म्हणून पाला काढून आगपट्टा झाडला. हाताला फोड. जंगल खात्याच्या साहेबांनी मला बाजूला घेतलं. "तुम्ही टाइम ऑफिसवाले. तुमच्या स्वयंसेवकांचे तास मांडून द्या. फुकट कामाची किंमत रुपयांत दिसली की वरून आग विझवायला टँकर मागता येईल." इतका फुगलो की घरी कुसुमला दोनदा सांगितलं.

१० मार्च, रवि.
तक्ता झकास जमलाय. माणसं, तास, मजुरीचा दर, गुणाकार. तुलनेला पगारी राखणदार लखमाचाही आजचा दिवस मांडला. गडी चार तास मोहाखाली बसून फुलं वेचणाऱ्या बायांशी गप्पा मारत होता. 'रिकामा वेळ : ४ तास.' कारखान्यात असंच लिहितो. तक्ता जाताजाता साहेबांच्या हातात दिला.

२३ मार्च, शनि.
लखमाला गेल्या सोमवारपासून काढलंय! आज कळलं. साहेबांकडे धावलो, तर म्हणाले, "तुमच्याच कागदावर आहे की. फुकटवाले राबतात, पगारी बसून खातो. त्याच्या पगारात टँकर बसतो."
करायला गेलो गणपती, झाला मारुती. बारा वर्षं तक्ते करतोय. तक्त्यानंतर माणसं कमी होतात हे मला ठाऊक नव्हतं, असं कुठल्या तोंडाने म्हणू?

२४ मार्च, रवि.
लखमाच्या घरी. मान वर होईना. त्याने राग धरला नाही, तेच जास्त लागलं.
"भाऊ, फुलं वेचायला जागा साफ पायजे ना. बाया खालचा पाला पेटवतात. मी बसतो, पेटवू देतो, विझवून मगच उठतो. नको म्हटलं तर माझ्या पाठीमागे पेटवतील."
म्हणजे ते चार तास हेच त्याचं काम. आम्ही रविवारचे शूर. मोह रोज पडतो.
साहेबांना म्हटलं, तक्ता चुकलाय, परत द्या. "वर गेला," म्हणाले. मग चूक सांगणारं पत्र लिहून दिलं. न वाचता ड्रॉवरमध्ये.

३ एप्रिल, बुध.
दुपारी आग लागली. मोहाखालचाच पाला. आम्ही चौदाच्या चौदा कारखान्यात, पाळीवर. मला पाच वाजता कळलं. बस धरून पोचलो तोवर अख्खा उतार काळा. लखमा घरून धावला होता, ओल्या फांद्या घेऊन. त्याने आणि बायांनी मिळून विझवली. त्याचा डावा पाय घोट्यापर्यंत भाजलाय. दवाखान्यात नेलं.

७ एप्रिल, रवि.
साहेब भलतेच खूश. "पगार नसताना आला बघा! याला म्हणतात स्वयंसेवक. त्याचे तास तुमच्या नव्या तक्त्यात घाला. वर फार छान दिसेल." नाही म्हणालो, पण तोंडातल्या तोंडात.
लखमाकडे गेलो. पायाला पट्टी. त्याला साहेबांचा निरोप आधीच पोचला होता.
"लिही ना भाऊ. नाव कागदावर राहिलं तर पुढल्या साली घेतील परत."
फुकट येणाऱ्याला कुणी पगारावर घेतलेलं मी आजवर पाहिलेलं नाही. हे त्याला सांगायला हवं होतं. त्याच्या बायकोने चहा पुढे केला, तो प्यालो आणि उठलो.
तक्ता उद्या द्यायचाय. तेरा नावं लिहून झाली, माझं चौदावं. खाली एक ओळ मोकळी आहे.