तेराशे चाळीस मीटरचा विश्वविक्रम

३ नोव्हेंबर, सोमवार
मोबाईलवर वाचलं. आठशे आणि पंधराशे मीटर सगळं जग धावतं. सहाशे, हजार, दोन हजार ही अंतरं ऑलिम्पिकमध्ये नाहीत, म्हणून फारसं कोणी धावत नाही. तरी त्यांचेही रेकॉर्ड असतात! म्हणजे अंतर जितकं अडनिडं, तितकी कॉम्पिटिशन कमी. हे माझ्याआधी कोणाच्या लक्षात कसं आलं नाही? वय ४४, वजन ८८. वजन हाडांचं आहे.

५ नोव्हेंबर
मोबाईलवर मोजलं. आमचं फाटक ते मंगरूळपीर बसस्टँड १३४० मीटर. हे अंतर धावल्याची इतिहासात नोंद नाही. फय्याजचं घड्याळदुरुस्तीचं दुकान आहे, म्हणून टाइमकीपर तोच. म्हणाला, "संघपालभाऊ, पैले धावून त पाहा."

६ नोव्हेंबर, रात्री
सकाळी सव्वासातला धावलो. ११ मिनिटं २० सेकंद. विश्वविक्रम! (वाटेत शेजारचे पंजाबराव भेटले, दोन मिनिटं बोलण्यात गेली. शुद्ध वेळ ९.२०.)
सरिताला सांगितलं. म्हणाली, "दुसरं कोनी पयालंच नाई, त पयला नंबर कायचा?"
बायको वाशीमच्या दवाखान्यात नर्स आहे. स्पोर्ट्समधलं तिला कळत नाही.

१० नोव्हेंबर
चार दिवस धावलो नाही. विश्रांती हा ट्रेनिंगचाच भाग. ऑफिसच्या ग्रुपवर टाकलं : शुक्रवारी सकाळी ६.४०, अधिकृत प्रयत्न. साहेब बसस्टँडवर नारळ देऊन सत्कार करणार. आता माघार नाही.

१४ नोव्हेंबर, शुक्रवार, सकाळी ८
लिहायची इच्छा नाही, पण इतिहासासाठी लिहितो.
सुरुवात उत्तम. फय्याज मागून स्कूटीवर. निम्म्यात पोटात कळ आली, तरी थांबलो नाही. फक्त चाललो. तेवढ्यात मागून आवाज : "हटा, हटा! बस सुटून राह्यली!"
सरिता. खांद्याला पर्स, पायात चपला, एका हातात साडीच्या निऱ्या. मला ओलांडून गेली. ओळखसुद्धा दाखवली नाही.
पोचलो तेव्हा ती बसमध्ये खिडकीशी बसून वेणी नीट करत होती. साहेबांनी विचारलं, पहिलं कोण? फय्याज म्हणाला, "भाभी. मागून निघाल्या, अन् पैले पोचल्या."
साहेबांनी नारळ खिडकीतून तिच्या हातात दिला. बस सुटली.

त्याच दिवशी, संध्याकाळी
तिचा विक्रम अमान्य. आपण शर्यतीत आहोत हे धावपटूला माहीत असावं लागतं. नियम आहे. असावा.
तिला तसं सांगितलं. ती पाय शेकत बसली होती. म्हणाली, "मी त रोजच पयते. सात वर्स झाले. घरचं आवरता आवरता बसचा टाइम होते. तुमी झोपून राह्यता, तुमाले कसं दिसन?"
सात वर्षं.
ठरवलं. उद्यापासून तिला बसस्टँडवर मोटरसायकलने मी सोडणार. निर्धार पक्का. गजर साडेपाचचा. किल्ली उशाखाली.

१५ नोव्हेंबर, सकाळी ८.१०
उठलो. ती गेलेली. किल्ली उशाखालीच.